खाडीखालचं पंचांग

कांडला, कच्छ
ता. १८ नोव्हेंबर १९५३

दोस्त गुरुदत्त यास रघूचा रामराम.

तुझं पत्र आलं तेव्हा मी गाळ काढायच्या बोटीच्या, ड्रेजरच्या, कठड्याला टेकून, शिसं बांधलेली दोरी पाण्यात सोडून खोली मोजत होतो. त्यामुळे ते आधी धाकूने वाचलं. धाकू माझा जोडीदार, देवगडचा. त्याला वाचायला येतं, आणि दुसऱ्याचं वाचायला जास्त येतं. मला म्हणतो, "रे, तुझा हा मित्र कारकून आहे की वेडा?" मी म्हटलं, दोन्ही आहे, डोंबिवलीला राहतो.

तुझी खाडीखालच्या राज्याची गोष्ट त्या मुलांच्या मासिकात लागणार हे वाचून बरं वाटलं. तुझ्या संपादकांचं, त्या त्र्यंबकरावांचं, म्हणणं पण मला पटलं. खाडीच्या तळाला ऊन पोचत नाही, तर तिथे चैत्रातला मंगळवार उजाडला कसा? तू सरळ कचेरीतलं कॅलेंडर उचलून पाण्यात बुडवलंस, लेका.

आता त्या राज्याला नवीन पंचांग हवं, तर मला विचारतोस. मी तिसरीतून उठलेलो माणूस. आपण एका बाकावर बसायचो ते तुला आठवतं, मास्तरांना माझी फक्त पाठ आठवत असेल. पण इथे येऊन एक कळलं, की पंचांग कोणीही करू शकतो. आमचा भटारी कच्छी आहे, त्याचं नवं वर्ष आषाढात लागतं. एक उत्तरेतल्या बलियाचा खलाशी आहे, त्याचा महिना पुनवेला संपतो, आपला अजून पंधरा दिवस रखडतो. साहेबाचा जानेवारी. तिघे एका बोटीवर तीन वेगळ्या महिन्यांत जेवतात आणि डाळ एकच असते.

तर घे. खाडीखालच्या लोकांना सूर्य नाही, पाणी आहे. भरतीचं पाणी मोठ्या बांधाला लागलं की दिवस झाला, भिंतीवर एक रेघ मारायची. नाही लागलं, तर दिवस झालाच नाही. तू कचेरीत बसतोस म्हणून सांगतो: अमावास्या-पुनवेला येतं ते उधाण, बांध चढून मिठागरात घुसतं. अष्टमीच्या पुढे येतो तो भांग, पाणी खाली खालीच खेळून परत जातं. ते भांगाचे दिवस मोजायचेच नाहीत. त्या दिवसांत माणूस म्हातारा होत नाही, दिलेला शब्द पुढे सरकत नाही, आणि तुरुंगातला चोर बाहेर येऊन विडी ओढून परत जातो. भांगाचे तीन दिवस धर. गोष्टीत तीन शोभतात.

महिने मिठाच्या कामावरून: चिखल, बांध, आटण, फूल, रास. पुढे पावसाळा, मीठ नाही, तेव्हा सगळं राज्य झोपतं. राजाला उठवलं तर तो पण तारीख सांगू शकत नाही.

हे सगळं माझ्या आयला वाचून दाखव. ती हसेल. याच्या खालचं मोठ्याने वाचू नकोस.

शेजारच्या भिवाकाकांचा त्यांच्या शालूबद्दलचा निरोप तू लिहिलास तो मी पाठ केलाय. "दिवाळीच्या पाडव्यापासून शंभर दिस थांबतो. तवर रगू कायम नोकरीचा कागद घेऊन दारात आला तर शालू त्याची. नाय तर उरणचा होडीवाला." त्यांचं चुकत नाही. चार वर्षांत मी पाच नोकऱ्या सोडलेल्या, माझ्यासारख्याला मी पण मुलगी दिली नसती. पण बघ, मी इथे लागलो पंधरा सप्टेंबरला. सहा महिने भरल्याशिवाय साहेब कायम करत नाही, म्हणजे कागद पंधरा मार्चला. शंभर दिवस भरतात चौदा फेब्रुवारीला. साहेबाला म्हटलं, एक महिना आधी द्या. तो म्हणाला, रघु, तू एक महिना आधी का नाही आलास? बरोबर बोलला.

भिवाकाकांकडे मुदत मागू नकोस. मागितली तर म्हणतील, पोरगा अजून तसाच आहे.

तुझा
रघु

•

डोंबिवली
ता. ३० नोव्हेंबर १९५३

प्रिय रघु,

पंचांग त्र्यंबकरावांना बेहद्द आवडले. "हा रघु कोण? शिक्षक आहे का?" असे त्यांनी विचारले. मी हो म्हटले. एवढे तरी तुझ्यासाठी करायला हवे होते.

काल रविवारी कोपरीला तुझ्या घरी गेलो होतो. तुझे पत्र सखूमावशींना वाचून दाखवले. चोर विडी ओढून परत तुरुंगात जातो त्याला त्या इतक्या हसल्या की त्यांना ठसका लागला. शेजारची तुझी शालू तिथेच सुकट निवडत बसली होती. शेवटचा मजकूर मी मोठ्याने वाचला नाही, पण ती पाणी आणायला म्हणून उठली आणि माझ्या पाठीमागे बराच वेळ उभी राहिली. पाणी काही आले नाही.

मग तिने मला सरळ विचारले, "भांगाचे दिवस मोजायचे नाहीत, हे छापून येणार?"

म्हटले, "येणार. जानेवारीच्या अंकात."

"छापून," ती म्हणाली, आणि निघून गेली.

परत निघताना मी त्यांच्या दारावरून गेलो. आत चुलीशेजारच्या भिंतीवर पाडव्यापासून रोज एक अशा कोळशाच्या रेघा आहेत. शालू ओल्या फडक्याने त्यातल्या काही पुसत होती. मी पाहतोय हे कळल्यावर म्हणाली, "गेल्या भांगाच्या तीन आणि काल-आजच्या दोन. पाच झाल्या. गुरुदादा, तुम्ही काही बघितलं नाही."

मी काही बघितले नाही. पण भिवाकाकांना वाचता येत नाही, तेव्हा ही युक्ती चालून जाईल असे मला वाटते. शालूची हुशारी कौतुकास्पद आहे.

तुझा
गुरुदत्त

•

कांडला
ता. ९ डिसेंबर १९५३

गुरुदत्ता,

तुझं पत्र वाचून मी आधी डेकवर नाचलो आणि मग गप बसलो. धाकू म्हणतो, नाच बरा होता.

पाच रेघा पुसल्या हे वाचून छाती फुगली खरी. पण भिवाकाकांना वाचता येत नाही म्हणून चालून जाईल, हे तूच लिहू शकतोस. अरे, तो माणूस तीस वर्षं मिठागराची उघाडी, पाण्याचं दार, सांभाळतो. पाणी कधी आत घ्यायचं आणि फळी कधी टाकायची हे त्याला तिथीवरून कळतं, आणि तिथी पायाला लागलेल्या गारव्यावरून. लहानपणी मी त्याला विचारलं, काका, आज कोणती तिथी? तर चिखलात अंगठा दाबून म्हणाला, सप्तमी, दुपारपर्यंत. त्याच्या घरात, चुलीजवळ, पाच दिवस गायब होतात आणि त्याला पत्ता नाही? मला तर वाटतं त्याला पुसतानाचा आवाज पण ऐकू आला असेल.

मग तो गप का? ह्याचाच विचार करतोय. एकतर त्याला चाललं. नाहीतर तो मनातल्या मनात खरे दिवस मोजतोय आणि चौदा फेब्रुवारीला सकाळी उरणच्या होडीवाल्याशी लग्नाचा नारळ फोडणार. भिवाकाका आधी बोलत नाही. उघाडी उघडतानाही बोलत नाही, पाणी आलं की कळतं.

इकडे तुझ्या राज्याचं पंचांग बोटीवर लागू झालंय. भांगाच्या दिवशी धाकू दाढी करत नाही, म्हणतो दिवस झालाच नाही तर दाढी वाढलीच कशी? भटारी त्याच्या वरचढ. गेल्या भांगात म्हणाला, आज दिवस नाही, तर जेवण कसलं मागता? त्याला उचलून पाण्याजवळ नेला तेव्हा त्याने साहेबाचं कॅलेंडर मान्य केलं.

एक खरं सांगू? इथे एका जागेवर बसून राहायचा मला फार कंटाळा येतो. रोज तीच दोरी, तेच शिसं, तीच हाक: साडेतीन वाव, पावणेचार वाव. दोनदा पेटी भरलेली. दोन्ही वेळा भांग होता, म्हणून म्हटलं आज दिवसच नाही, निघायचं कसं? पेटी परत रिकामी केली. हे कोणाला सांगू नकोस.

रघु

•

डोंबिवली
ता. १८ जानेवारी १९५४

प्रिय रघु,

अंक निघाला. तुझे पंचांग पूर्ण पानभर, चौकटीत छापले आहे. कल्याणच्या एका मुलाचे पत्र आले आहे, वार्षिक परीक्षा भांगात घेता येईल का, असे त्याने विचारले आहे. त्र्यंबकराव म्हणतात, इतका गंभीर वाचक त्यांना आजवर मिळाला नव्हता.

पण मुख्य गोष्ट वेगळी आहे. शालूने ते पान खळ लावून रेघांच्या शेजारी चिकटवले. काल मी गेलो तर भिवाकाका त्यासमोर पाट टाकून बसले होते. मला म्हणाले, "वाच." मी सगळे वाचले. ते तंबाखू मळत होते. संपल्यावर म्हणाले, "भांगाचं परत वाच." मी परत वाचले: भांगाचे तीन दिवस मोजू नयेत. तेव्हा त्यांनी फक्त "हं" म्हटले आणि उठून गेले. शालूच्या तोंडाकडे बघवेना.

म्हणजे तुझे म्हणणे खरे. त्यांना सारे ठाऊक आहे.

दुसरे असे की मी कचेरीत बसून नीट मांडणी केली. समजा भिवाकाकांनी हे पंचांग मानले, तरी दर पंधरवड्याला तीन दिवस सोडून शंभर दिवस दहा मार्चला भरतात. तुझा कागद पंधरा मार्चला. म्हणजे एवढे करूनही पाच दिवस कमीच पडतात. हे मी शालूला सांगितलेले नाही. उरणची मंडळी दर आठवड्याला येत आहेत. माणसे वाईट नाहीत, कोलंबी आणतात. सखूमावशी ती घेत नाहीत, मांजराला घालतात.

गुरुदत्त

•

कांडला
ता. ५ फेब्रुवारी १९५४

गुरुदत्ता,

ते "हं" मी इथून ऐकलं. भिवाकाकांचं "हं" म्हणजे फळी खाली पडली.

मी ठरवलंय. साहेबाला सांगितलं, एक मार्चला माझं नाव कापा. तो म्हणाला, चौदा दिवसांसाठी कायमची नोकरी टाकतोस, कोणतं गाढव असं करतं? मी म्हटलं, कोपरीचं. कागद राहू दे. दहा तारखेच्या आत मी काकांसमोर उभा राहतो आणि तोंडाने मागतो. पाच नोकऱ्या सोडल्या त्यात सहावी. दुसरी मिळेल. शालू दुसरी मिळणार नाही.

चौदा तारखेला रविवार आहे. सरळ मोजणीने त्या दिवशी शंभर भरतात. तू सकाळीच कोपरीला जाऊन बस. नारळ फुटला तर तार कर, मग मी येत नाही, इथूनच कुठल्यातरी जहाजावर चढतो. नाही फुटला तरी तार कर. हे पत्र आयला वाचून दाखवलंस तरी चालेल. आता लपवायला काही उरलं नाही.

धाकू दोन दिवस माझ्यावर रुसलाय. म्हणतो, तू गेल्यावर माझी पत्रं कोण वाचेल? मी म्हटलं, तुझी तर तूच वाचतोस, माझीही तूच वाचतोस.

रघु

•

तार
ठाणे, १४ फेब्रुवारी

आज दिवस झाला नाही. निघू नकोस. पत्र येत आहे. गुरुदत्त

•

कोपरी, ठाणे
ता. १४ फेब्रुवारी १९५४

प्रिय रघु,

तार लिहून दिली तेव्हा तारमास्तरांनी मला दोनदा खालीवर पाहिले. हे पत्र मी भिवाकाकांच्या ओट्यावर बसून लिहितो आहे. अर्धे माझे, अर्धे त्यांचे.

तुझे पत्र मी परवाच सखूमावशींना वाचून दाखवले. मी मोठ्याने वाचतो, आणि मधली भिंत कुडाची आहे. तेव्हा पलीकडे कोणी ऐकले असेल तर माझा इलाज नव्हता.

आज दहा वाजता उरणची मंडळी आली. होडीवाला स्वतः, त्याचा मामा आणि पिशवीत नारळ. मामा म्हणाले, "भिवाशेट, आज शंभर भरले."

भिवाकाका उघाडीवरून नुकतेच आले होते, पाय चिखलाने भरलेले. ते धुता धुता म्हणाले, "आज येकादस. भांग हाय. आजचा दिस धरीत नाय."

मामांनी भिंतीवरचे पान पाहिले. त्यांना वाचता येते. त्यांनी बोट ठेवून वाचले आणि म्हणाले, "इथे भांग तीनच दिवस लिहिलाय. अष्टमी, नवमी, दशमी. एकादशी मोजायला हवी. छापलंय."

"छापणारा बोटीवर दोरी सोडतो," भिवाकाका म्हणाले. "उघाडी मी उघडतो. आता बघून आलो, पाणी बांधाला लागला नाय. भांग चार दिसांचा."

मग त्यांनी कोपऱ्यातले फडके उचलले, घागरीत बुडवले, पिळले आणि शालूच्या हातात दिले. "पोरी, दर भांगाची येक रेघ जास्ती हाय. पूस."

शालूने सात रेघा पुसल्या. होडीवाला भला माणूस असावा. तो हसला आणि मामांना म्हणाला, "चला, ओहोटी लागायच्या आत निघू." नारळ ते ठेवून गेले. सखूमावशींनी या वेळी मांजराला दिला नाही.

रघु, मी पुन्हा मांडणी केली. दर पंधरवड्याला चार दिवस सोडले तर होळीच्या दिवशी, एकोणीस मार्चला, रेघ सत्त्याण्णवावी पडते. म्हणजे होळीच्या सुट्टीत कागद घेऊन आलास तरी मुदत संपलेली नसते, हे तुला कळले असेलच.

आता पुढचे त्यांचे शब्द. मी जसेच्या तसे उतरवतो.

"रगू, आयक. मी भिवा बोलतंय. तू तीस वर्सांच्या बांधावर वाढलास आणि भांग तीन दिसांचा लिवतंस? तुला गोष्टीत शोभतो म्हणून पाणी येक दिस आधी चढंल काय? मास्तराने मारला तो कमीच मारला. ही चूक पुढल्या अंकात सुधार. पोरं वाचतात.

"दुसरा आयक. साहेबाला जाऊन सांग, नाव कापू नको. कागद हातात पडल्याबिगर गाडीत बसलास तर सहावी नोकरी सोडलीस आसा धरीन, आणि मग तुला कुठलाच पंचांग वाचवनार नाय. मना कागद नको होता रं. कागद मना वाचता येत नाय. तू येका जागी शंभर दिस बसतंस का, ह्ये बघायचा होता. आज शंभर झाले तुझ्या साहेबाच्या मोजणीनं. मी मोजलेत. आता माझ्या मोजणीनं पन बस."

एवढे सांगून ते तंबाखू मळत बसले आहेत. खाली शालूला दोन ओळी लिहायच्या आहेत म्हणते.

गुरुदत्त

मी शालू. रेघा बहात्तर राहिल्या. बाने स्वतः मोजल्या. पेटी परत रिकामी कर.

•

कांडला
तारीख नाही, भांगाचा चौथा दिवस
(तुमची १६ मार्च)

दोस्त गुरुदत्त,

दोनदा पेटी भरल्याचं मी तुला कोणाला सांगू नकोस म्हणून लिहिलेलं. शालूच्या ओळीवरून कळलं तू किती मोठ्याने वाचतोस.

कागद काल मिळाला. साहेबाकडे गेलो तर म्हणाला, तुझं नाव मी कापलंच नव्हतं, गाढवं एक तारखेपर्यंत शहाणी होतात असा माझा अनुभव आहे. कागदावर माझं नाव, बापाचं नाव, आणि लागलेली तारीख. साहेबाने भांगाचे सगळे दिवस त्यात धरलेत, पण त्याला कोण समजावणार.

होळीला सुट्टी मिळाली. आज संध्याकाळच्या गाडीने निघतो, पालनपूरला बदलून अहमदाबाद, तिथून पुढे. हे पत्र माझ्याच गाडीने येईल, म्हणजे मी दारात उभा असेन तेव्हा तू ते वाचत असशील. तरी लिहितो, कारण तोंडाने मला भिवाकाकांसमोर एवढं जमणार नाही.

धाकू स्टेशनपर्यंत पेटी उचलून येणार आहे. भटाऱ्याने आमच्या आयसाठी खजूर बांधून दिलाय. साहेब म्हणाला, पंचवीस तारखेला परत हजर व्हायचं. मी हजर होणार आहे. हे मी बोललो आणि मलाच नवल वाटलं.

गोष्टीत दुरुस्ती छाप: भांग चार दिवसांचा. खाली माझं नाव घालू नकोस, भिवाकाकांचं घाल. त्यांना वाचता येत नाही, पण बोट कुठे ठेवायचं ते शालू दाखवेल.

आणि तिला एक निरोप, हा मोठ्याने वाच. होळीच्या सकाळी कोळसा हातात घेऊ नकोस म्हणावं. भिंतीवर शहाण्णव असू देत. सत्त्याण्णवावी मी येऊन मारतो.

रघु